नाव लिहावे की झाकावे?

स्मरणिकेसाठी इतिहासावर काहीतरी लिहा, असे चिटणीसबाईंनी सांगितले तेव्हा मी प्रथम नाहीच म्हटले. माझे शिक्षण सातवीपर्यंत. पण दुपारची कामे आवरली की वाचनालयाची पुस्तके मी वाचते, आणि गेले वर्षभर एक प्रश्न मनात घोळतो आहे, तो भगिनींपुढे ठेवते. एखाद्या बाईवर अन्याय झाला, तर तो चारचौघांत सांगताना तिचे नाव घ्यावे की झाकावे? घेतले तर तिची अब्रू चव्हाट्यावर येते. न घेतले तर तिच्यावर काही गुदरले होते, हेच जगाला कळत नाही. स्त्रियांच्या बाजूने लिहिणाऱ्या मोठ्या विदुषींनाही या पेचातून धड वाट सापडलेली नाही. आणि पेच आजचा नव्हे. आपल्या पुण्यातच तो दीडशे वर्षांपूर्वी पडला होता.

जोतीराव फुल्यांचे गोवंडे म्हणून एक स्नेही होते. त्यांच्या घरी काशीबाई नावाची गरीब ब्राह्मण विधवा स्वयंपाकाला होती. एका शास्त्र्याने तिला नादी लावले. दिवस गेले, बाळ झाले, शास्त्रीबुवांनी हात झटकले. त्या काळी विधवेला मूल म्हणजे काय, ते तुम्हाआम्हाला सांगायला नको. काशीबाईने बाळाला मारून विहिरीत टाकले. खटला झाला आणि तिची जन्मभरासाठी अंदमानला, काळ्या पाण्यावर रवानगी झाली. ही हकीकत जोतीरावांनी १८८४ साली लिहून ठेवली आहे. तीत काशीबाईचे नाव आहे, शास्त्री मात्र नुसते शास्त्रीच! बाईचे नाव मागे राहायचे आणि बाप्याचे पुसले जायचे, ही रीत जुनीच म्हणायची.

जोतीराव आणि सावित्रीबाई नुसते हळहळत बसले नाहीत. १८६३ साली त्यांनी आपल्याच आवारात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. ब्राह्मणवस्तीत गल्लीच्या कोपऱ्याकोपऱ्यावर छापील जाहिराती लावल्या. विधवांनी गुपचूप यावे, सुखरूप बाळंत व्हावे, मूल न्यावे किंवा ठेवून जावे, वाच्यता होणार नाही, असा त्यांचा भावार्थ. ज्यांना शेणाचे गोळे खावे लागले, त्या सावित्रीबाईंनी त्याच वस्तीतल्या बायकांची बाळंतपणे केली. ही गोष्ट मी वाचली तेव्हा पुस्तक मिटून काही वेळ तशीच बसले. १८८४ पर्यंत अशा पस्तीस विधवा तिथे येऊन गेल्या. तिथेच जन्मलेल्या एका मुलाला दोघांनी दत्तक घेतले, तो यशवंत. पुढे तो डॉक्टर झाला आणि १८९७ च्या प्लेगात सावित्रीबाईंच्या बरोबरीने रोग्यांसाठी राबला. त्याच साथीत सावित्रीबाई गेल्या.

आता गंमत पाहा. गंमत म्हणवत नाही, पण दुसरा शब्द सुचत नाही. जिचा संसार नाही, बाळ नाही, जी काळ्या पाण्यावर गेली, त्या काशीबाईचे नाव इतिहासात आले. ज्या पस्तीस जणी जगल्या, त्या इतिहासात नुसता एक आकडा. त्यांना वाचवायचे तर नाव झाकणे भागच होते. झाकले म्हणून त्या वाचल्या, आणि झाकले म्हणूनच त्यांतल्या बहुतेकींची कहाणी आज कोणाला सांगता येत नाही. जोतीराव-सावित्रीबाईंनी योग्य तेच केले, असे माझे मत आहे. पण त्याची किंमतही आहे.

दुसरी बाजूही पाहू. १८८१ साली सुरतेकडे विजयालक्ष्मी नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेवर आपले मूल मारल्याचा खटला झाला. फाशीची शिक्षा झाली. अपिलात ती काळ्या पाण्यावर आली आणि नंतर पाच वर्षांवर. वर्तमानपत्रांना तर चारा मिळाला! हल्लीच्या बायकाच वाह्यात झाल्या, शिकून बिघडल्या, असे मजकूर येऊ लागले. एका बाईचे नाव धरून साऱ्या बायकांना झोडपायचे, असा तो प्रकार.

तो वाचून बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे संतापल्या. १८८२ साली त्यांनी 'स्त्रीपुरुषतुलना' हे पुस्तक पुण्यात छापून घेतले. प्रती पाचशे, किंमत नऊ आणे. जे दोष तुम्ही बायकांच्या माथी मारता, ते पुरुषांत नाहीत काय, असा रोखठोक सवाल त्यांनी केला, तोही स्वतःच्या नावाने. अडाणी बाईचे बोलणे म्हणून लोकांनी बरीच टर उडवली. जोतीरावांनी १८८५ च्या 'सत्सार'मध्ये त्यांची पाठराखण केली. पण ताराबाईंचे दुसरे पुस्तक काही आले नाही. पहिलेही विस्मृतीत गेले, ते थेट १९७५ साली स. गं. मालशे यांनी पुन्हा छापले तेव्हा लोकांपुढे आले. विजयालक्ष्मीचा बभ्रा झाला नसता, तर हे पुस्तक झाले असते का? मला शंका आहे. आणि तरी, आपल्या नावाने एवढे रान उठावे असे त्या बिचारीच्या मनात थोडेच असणार!

हे सगळे आपल्या दारापर्यंत कसे येते, तेही सांगते. या स्मरणिकेसाठी आम्ही थोरल्या भगिनींच्या आठवणी उतरवून घेत होतो. एका आजींनी आपल्या आत्याची हकीकत सांगितली. ती काशीबाईच्याच जातकुळीची होती. सांगून झाल्यावर म्हणाल्या, "छापू नका गं, तिच्या दिरांची नातवंडं गावात आहेत." आमच्यातल्या एकीचे म्हणणे पडले की नाव बदलून छापू. आजी म्हणाल्या, "नाव बदललं तर ती माझी आत्या कशी?" त्यावर कोणालाच काही बोलता आले नाही. तो मजकूर या अंकात नाही.

मग काशीबाईचे नाव मी का घेतले, असे कोणी विचारील. ते जोतीरावांनीच लिहून ठेवले आहे आणि मध्ये शंभरावर वर्षे गेली, एवढेच माझे उत्तर. ते पुरते पटण्यासारखे आहे असे माझेही म्हणणे नाही.

आपल्या पिढीच्या जवळची गोष्ट १९७२ ची. चंद्रपूर जिल्ह्यात एका कोवळ्या आदिवासी मुलीवर पोलीस ठाण्यातच अत्याचार झाला. खालच्या कोर्टाने पोलिसांना सोडले, नागपूरला हायकोर्टाने दोषी धरले, आणि १९७८ साली सुप्रीम कोर्टाने पुन्हा सोडले. अंगावर जखमा नाहीत, तेव्हा तिची संमतीच असावी, असा अर्थ लावला गेला. १९७९ साली उपेंद्र बक्षी, वसुधा धागमवार, लतिका सरकार आणि रघुनाथ केळकर या चार कायद्याच्या अध्यापकांनी सुप्रीम कोर्टाला उघड पत्र लिहिले. १९८० च्या ८ मार्चला गावोगावच्या बायका रस्त्यावर आल्या. त्या मुलीचे नाव निकालपत्रात छापलेलेच होते, ते मोर्च्यांतून घोषणांत गेले, पुस्तकांत गेले, आणि खटला आजही तिच्याच नावाने ओळखला जातो. मी ते इथे लिहीत नाही.

त्या चळवळीमुळे १९८३ साली कायदा बदलला. पोलीस कोठडीतल्या अत्याचाराला वेगळी, कडक शिक्षा आली. आणि त्याच कायद्याने असेही ठरवले की अशा बाईचे नाव छापणे हाच गुन्हा. म्हणजे जिच्या नावाने एवढे झाले, तिच्यामागून येणाऱ्या बायकांना नाव झाकून घेण्याचा हक्क मिळाला. तिला स्वतःला तो मिळाला नव्हता. २०२४ पासून नवी न्याय संहिता आली, तीतही हे कलम ठेवले आहे. त्यात एक सवलत आहे, ती मला फार मोलाची वाटते. त्या बाईने स्वतः लिहून परवानगी दिली, तर नाव छापता येते.