पियानोनिर्मितीचा इतिहास

पियानो हे स्वरपट्ट्या असलेले पाश्चात्त्य तंतुवाद्य होय. पट्टी दाबली असता आतील हातोडी तारेवर आघात करते, तारेचे कंपन घोडीमार्फत लाकडी ध्वनिफलकाकडे जाते व स्वर ऐकू येतो. बोटाच्या आघाताच्या कमीअधिक जोरानुसार स्वर हळू वा मोठा काढता येणे, हे या वाद्याचे प्रमुख वैशिष्ट्य. त्याचे नावही ‘पियानो’ (हळू) व ‘फोर्ते’ (मोठ्याने) या इटालियन शब्दांवरून आले आहे. मैफलीच्या आधुनिक पियानोत ८८ पट्ट्या व सुमारे २३० तारा असतात आणि या तारांचा एकत्रित ताण सुमारे २० टन असतो. आघातानंतर हातोडी तत्काळ मोकळी कशी व्हावी आणि तारांचा वाढता ताण वाद्याने कसा पेलावा, या दोन प्रश्नांभोवती पियानोनिर्मितीचा इतिहास फिरतो. पैकी पहिला प्रश्न आद्य वाद्यकारानेच बव्हंशी सोडविला. दुसऱ्याच्या उत्तरासाठी पुढील दीडशे वर्षे खर्ची पडली.

उगम : पियानोपूर्वी यूरोपात क्लॅव्हिकॉर्ड व हार्पसिकॉर्ड ही दोन वाद्ये प्रचारात होती. क्लॅव्हिकॉर्डवर स्वर लहानमोठा करता येई; पण त्याचा आवाज एका खोलीपुरताच असे. हार्पसिकॉर्डचा आवाज मोठा. पण त्यात पिसाच्या देठाने तार छेडली जात असल्याने बोटाच्या जोराचा स्वरावर फारसा परिणाम होत नसे. दोहोंचे गुण एकत्र आणण्याचे श्रेय पॅड्युआ येथे जन्मलेल्या बार्तोलोमेओ क्रिस्तोफोरी (१६५५–१७३१) या वाद्यकारास जाते. फ्लॉरेन्स येथे राजपुत्र फेर्दिनांदो दे मेदीची याच्या पदरी तो वाद्यांची निगा राखण्याचे व नवी वाद्ये घडविण्याचे काम करीत असे. तेथील वाद्यसंग्रहाच्या १७०० सालच्या यादीत, हळू व मोठे स्वर काढणारे त्याचे नवे वाद्य नोंदविलेले आढळते.

हातोडीने तार वाजविण्याची कल्पना सोपी वाटते. परंतु हातोडी पट्टीस घट्ट जोडल्यास ती तारेला टेकून राहते व स्वर तेथेच मरतो. क्रिस्तोफोरीने हातोडीस वर ढकलणारा दांडा असा बसविला, की हातोडी तारेपाशी पोहोचण्यापूर्वीच तो तिच्याखालून निसटावा. हातोडी उरलेले अंतर स्वतःच्या वेगाने पार करते, तारेवर आपटून मागे येते व तार मुक्तपणे कंप पावते. परतणारी हातोडी पुन्हा उसळू नये म्हणून तिला झेलणारा अडसर आणि पट्टी सोडताच स्वर थांबविणारा अवमंदक, यांचीही योजना त्याने केली. स्कीप्योने मॅफ्फेई याने १७११ मध्ये एका नियतकालिकात या यंत्रणेचे सचित्र वर्णन प्रसिद्ध केले. क्रिस्तोफोरीचे तीन पियानो आज उपलब्ध असून ते न्यूयॉर्क (१७२०), रोम (१७२२) व लाइपसिक (१७२६) येथील संग्रहालयांत आहेत.

इटलीत या शोधाचे फारसे चीज झाले नाही. मॅफ्फेईच्या लेखाचा जर्मन अनुवाद १७२५ मध्ये प्रसिद्ध झाला आणि पियानोचा पुढील विकास आल्प्सच्या उत्तरेस घडला. फ्रायबेर्क येथील विख्यात ऑर्गनकार गोटफ्रीट झिल्बरमान (१६८३–१७५३) याने १७३० च्या दशकात पियानो बनविले. योहान सेबास्टिअन बाख याने त्यांपैकी एक वाजवून पाहिला व वरचे स्वर दुबळे आणि पट्ट्या जड असल्याचा अभिप्राय दिला. झिल्बरमानला तो झोंबला. परंतु त्याने अनेक वर्षे खपून वाद्यात सुधारणा केली व अखेर बाखची पसंती मिळविली. प्रशियाचा राजा दुसरा फ्रीड्रिख याने झिल्बरमानचे पियानो खरेदी केले होते. १७४७ मध्ये पॉट्सडॅम येथे बाखने राजासमोर वादन केले, ते याच वाद्यांवर.

इंग्लिश संप्रदाय : १८ व्या शतकाच्या मध्यास अनेक जर्मन कारागीर लंडनला गेले. त्यांपैकी योहानेस झुम्पे याने १७६० च्या दशकात लहान, पेटीवजा ‘चौकोनी पियानो’ प्रचारात आणला. त्याची यंत्रणा साधी व किंमत आटोक्यातली असल्याने पियानो दरबारातून मध्यमवर्गीय घरात पोहोचला. योहान क्रिस्टिआन बाख याने १७६८ मध्ये लंडन येथे पियानोचे जाहीर एकलवादन केले.

मोठ्या पियानोसाठी अमेरिकस बॅकर्स याने जी यंत्रणा सिद्ध केली, तिला पुढे ‘इंग्लिश यंत्रणा’ हे नाव मिळाले. तिचा खरा विस्तार जॉन ब्रॉडवुड (१७३२–१८१२) याने केला. मूळचा स्कॉटिश सुतार असलेला ब्रॉडवुड १७६१ मध्ये बुर्कात शुडी या हार्पसिकॉर्डकाराकडे कामास लागला व पुढे त्याचा जावई आणि भागीदार झाला. तारेवर हातोडी नेमकी कोठे पडावी व निरनिराळ्या तारांचा ताण कसा समतोल राहील, यांविषयी त्याने शास्त्रज्ञांचा सल्ला घेतला आणि १७८८ मध्ये खर्जाच्या तारांसाठी स्वतंत्र घोडी योजिली. केवळ परंपरागत अंदाजावर न विसंबता वाद्याचा आराखडा मापनाच्या आधारे ठरविण्याचा हा महत्त्वाचा प्रारंभ म्हणता येईल. ब्रॉडवुडच्या संस्थेने डिसेंबर १८१७ मध्ये बेथोव्हनला सहा सप्तकांचा एक पियानो भेट म्हणून पाठविला. तो पुढे फ्रान्झ लिस्टकडे आला व आता बूडापेस्टच्या हंगेरियन राष्ट्रीय संग्रहालयात आहे.

व्हिएन्ना संप्रदाय : याच काळात दक्षिण जर्मनी व ऑस्ट्रिया येथे निराळ्या धाटणीचा पियानो विकसित झाला. ऑग्झबर्गच्या योहान आन्ड्रेआस श्टाइन (१७२८–१७९२) याच्या वाद्यात हातोडी पट्टीवरच बसविलेली असे व तिचे तोंड वादकाकडे असे. तिच्यावर कातड्याचे पातळ आवरण असल्याने स्वर स्पष्ट व बोलका निघे आणि पट्ट्या अतिशय हलक्या चालत. मोट्सार्टने ऑक्टोबर १७७७ मध्ये वडिलांना लिहिलेल्या पत्रात श्टाइनच्या कामाची मनापासून वाखाणणी केली आहे. ध्वनिफलक तयार झाला, की श्टाइन तो ऊन, पाऊस व बर्फ यांत उघड्यावर ठेवी. त्यास तडे जाऊ देई. मग त्या भेगांत पाचरी बसवून त्या चिकटवी, जेणेकरून तो पुन्हा तडकू नये, असे त्यात नमूद आहे.

श्टाइनची कन्या नानेटे श्ट्रायखर (१७६९–१८३३) ही पियानोनिर्मितीच्या इतिहासातील अग्रगण्य स्त्री. लहानपणीच वडिलांच्या हाताखाली शिकलेल्या नानेटेने १७९४ मध्ये कार्यशाळा व्हिएन्नास नेली आणि पुढे स्वतःच्या नावाने वाद्ये विकली. माहेरचे नावही ती त्यांवर आवर्जून घाली. तिचा बेथोव्हनशी दीर्घकाळ स्नेह होता. आन्टोन व्हाल्टर (१७५२–१८२६) याचा पियानो मोट्सार्टने आपल्या मैफलींसाठी वापरला. कॉन्राड ग्राफ (१७८२–१८५१) याने लाकडी सांगाडा कायम राखून साडेसहा सप्तकांपर्यंत मजल मारली. बेथोव्हनला त्याच्या अखेरच्या काळात दिलेल्या पियानोत ग्राफने बहुतेक स्वरांसाठी चार-चार तारा योजिल्या होत्या. बहिरेपणाने ग्रासलेल्या संगीतकारासाठी लाकडी वाद्याकडून होईल तेवढा आवाज काढण्याचा हा प्रयत्न होता. त्यापलीकडे लाकडाची शक्ती जाणार नव्हती.

फ्रेंच वाद्यकार : स्ट्रॅस्बर्ग येथे जन्मलेल्या सेबास्त्यँ एरार (१७५२–१८३१) याने पॅरिसमध्ये व फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळात लंडनमध्ये काम केले. त्याच्या ‘द्विमोचन’ यंत्रणेचे एकस्व १८२१ मध्ये लंडन येथे घेण्यात आले. पूर्वी तोच स्वर पुन्हा वाजविण्यासाठी पट्टी पूर्णपणे वर यावी लागे. एरारच्या योजनेत हातोडी तारेजवळच अडून राहते व पट्टी थोडी वर येताच पुनश्च आघात करता येतो. एकाच स्वराची जलद आवर्तने त्यामुळे शक्य झाली. आंरी हेर्झने थोडी सुलभ केलेली ही यंत्रणा आजच्या ग्रँड पियानोचा पाया आहे. इग्नास प्लेयेल (१७५७–१८३१) याने १८०७ मध्ये स्थापन केलेल्या संस्थेच्या पियानोंचा नाजूक, सूक्ष्म छटा दाखविणारा स्वर शोपॅनला विशेष प्रिय होता. आंरी पाप याने १८२६ मध्ये हातोडीवर कातड्याऐवजी फेल्टचे आवरण बसविले. फेल्टमुळे स्वर भरीव व मृदू झाला. पण त्यासाठी हातोडी व तारा दोन्ही जड कराव्या लागल्या आणि ताणाचा प्रश्न अधिकच तीव्र झाला.

लोखंडी चौकट : संगीत दरबारी दालनातून तिकीट लावलेल्या मोठ्या सभागृहात आले आणि लिस्टसारख्या वादकांच्या जोरकस वादनाने तारा व हातोड्या तुटू लागल्या. जाड पोलादी तारा हा त्यावरील उपाय. पण त्यांच्या ताणाने लाकडी सांगाडा वाकत असे. लंडनमध्ये १८२० मध्ये जेम्स थॉम व विल्यम ॲलन यांनी धातूच्या नळ्यांचा आधार दिला. इतरांनी लोखंडी कांबी बसविल्या. मात्र लोखंडाने स्वर कर्कश होईल, हा समज यूरोपीय वाद्यकारांत दीर्घकाळ टिकून होता.

निर्णायक पाऊल अमेरिकेत पडले व त्यास हवामान कारणीभूत झाले. कडाक्याची थंडी, तापविलेल्या खोल्यांतील कोरडी हवा व दमट उन्हाळा यांमुळे यूरोपातून आणलेल्या पियानोंचे लाकूड पिळवटून जाई. बॉस्टनच्या अल्फीअस बॅबकॉक याने १८२५ मध्ये चौकोनी पियानोसाठी एकसंध ओतीव लोखंडी चौकटीचे एकस्व घेतले. जोनास चिकरिंग (१७९८–१८५३) याने १८४३ मध्ये ग्रँड पियानोसाठी अशाच चौकटीचे एकस्व मिळविले.

या साऱ्या सुधारणांचा समन्वय स्टाइनवे घराण्याने केला. हाइन्रिख एंगेलहार्ट श्टाइनव्हेग (१७९७–१८७१) हा जर्मनीतील झेझेन गावचा वाद्यकार १८५० मध्ये कुटुंबासह अमेरिकेस गेला व १८५३ मध्ये न्यूयॉर्क येथे ‘स्टाइनवे अँड सन्स’ ही संस्था स्थापन झाली. त्याचा मुलगा धाकटा हेन्री याने १८५९ मध्ये ग्रँड पियानोत खर्जाच्या तारा इतर तारांवरून तिरप्या नेण्याच्या रचनेचे एकस्व घेतले. त्यामुळे तारा अधिक लांब करता आल्या आणि घोड्या ध्वनिफलकाच्या कडेवरून त्याच्या अधिक कंपनक्षम मध्यभागाकडे सरकल्या. १८६७ च्या पॅरिस प्रदर्शनात स्टाइनवे व चिकरिंग या दोन्ही अमेरिकन संस्थांना सुवर्णपदके मिळाली. यानंतर यूरोपातील बहुतेक निर्मात्यांनी हळूहळू तीच रचना स्वीकारली. स्टाइनवेबरोबरच, १८५३ सालीच, बर्लिनची बेखश्टाइन व लाइपसिकची ब्ल्यूथ्नर या संस्थांची स्थापना झाली. व्हिएन्नाची बोझेनडोर्फर ही संस्था १८२८ पासूनची आहे.

कारखानदारी व तिची किंमत : जॉन आयझॅक हॉकिन्स, रॉबर्ट वॉर्नम इत्यादींच्या प्रयत्नांतून १९ व्या शतकाच्या पूर्वार्धात उभा पियानो विकसित झाला व लहान घरांतही त्यास जागा मिळाली. वाद्यनिर्मितीची कार्यशाळा जाऊन कारखाना आला. चौकटी ओतणे, तारा ओढणे, पट्ट्या कापणे ही कामे वेगळी झाली. १९०९ च्या सुमारास अमेरिकेत वर्षाला साडेतीन लाखांवर पियानो तयार होत होते.

या भरभराटीची झळ दूरच्या प्रदेशांना बसली. पट्ट्यांवरील पांढरे आवरण हस्तिदंताचे असे. पूर्व आफ्रिकेत हत्ती मारून मिळविलेले दात हमाल व गुलामांच्या खांद्यांवरून किनाऱ्यास येत व झांझिबारमार्गे अमेरिकेतील कनेटिकट राज्यात डीप रिव्हर व आयव्हरिटन येथील कारखान्यांत पातळ कापले जात. २० व्या शतकात प्लॅस्टिकचा वापर वाढला आणि १९८९ मध्ये आफ्रिकी हस्तिदंताच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदी घालण्याचा निर्णय झाला.

विसावे शतक व नंतर : ग्रामोफोन, रेडिओ व १९२९ नंतरची आर्थिक मंदी यांमुळे पाश्चात्त्य पियानो-उद्योगास उतरती कळा लागली. एरार व गाव्हो यांचे १९६० मध्ये एकत्रीकरण झाले व १९६१ मध्ये प्लेयेल त्यांत सामील झाली. दरम्यान निर्मितीचे केंद्र पूर्वेस सरकत होते. तोराकुसू यामाहा (१८५१–१९१६) याने १८८७ मध्ये हामामात्सू येथील एका शाळेचा बिघडलेला ऑर्गन दुरुस्त केला आणि त्यातून वाद्यनिर्मितीकडे वळून १९०० मध्ये उभा पियानो बनविला. त्याच्याकडे उमेदवारी केलेल्या कोइची कावाई याने १९२७ मध्ये स्वतंत्र संस्था काढली. पुढे जपान व त्यानंतर चीन हे पियानोचे सर्वांत मोठे उत्पादक ठरले.

भारतात पियानो इंग्रजी अमदानीत आला. दमट हवेत सरसाचे सांधे सुटत. म्हणून उष्ण प्रदेशांसाठी पाठवावयाच्या वाद्यांत निर्माते स्क्रू व धातूच्या पट्ट्या वापरीत. ठरावीक स्वरांच्या या वाद्यावर मींड काढता येत नसल्याने हिंदुस्थानी रागसंगीतात त्यास स्थान मिळाले नाही. मात्र चर्च, पाश्चात्त्य संगीताचे शिक्षण आणि मुंबईच्या हिंदी चित्रपटांचे वाद्यवृंद यांत ते रुजले. या वाद्यवृंदांत गोमंतकीय वादकांचा वाटा मोठा होता.

मूल्यमापन : लोखंडी चौकटीने पियानोला सभागृह भरून टाकणारा आवाज व दीर्घकाळ टिकणारा स्वर दिला, त्याचबरोबर लंडन, व्हिएन्ना व पॅरिस येथील वाद्यांचे वेगवेगळे आवाज पुसून टाकले. मोट्सार्टला व शोपॅनला ज्ञात असलेला पियानो आजच्या पियानोची अपूर्ण अवस्था नव्हती; आपापल्या काळाच्या संगीतास तो पुरेसा होता. २० व्या शतकाच्या उत्तरार्धात श्टाइन, व्हाल्टर व ग्राफ यांच्या वाद्यांच्या अचूक प्रतिकृती पुन्हा घडविल्या जाऊ लागल्या, त्या या जाणिवेतूनच. आजच्या वाद्यकाराकडे लोखंड, पोलाद व अचूक यंत्रे आहेत. परंतु हातोडीचा फेल्ट सुईने टोचून स्वर मऊ करण्याचे अखेरचे काम अद्यापि हाताने व कानानेच होते.