पंक : परवानगी न मागणारे संगीत

आपल्या इतिहासाच्या पुस्तकात इंग्लंड भेटले ते कंपनी, राणी आणि व्हाइसरॉय यांच्या रूपात. त्याच इंग्लंडमधल्या बेकार तरुणांचा इतिहास मला पुढे गाण्यांच्या नादातून कळला. तो इथे सांगावासा वाटतो.

१९७५च्या सुमारास ब्रिटनमध्ये महागाई भडकली होती. बेकारांची संख्या दहा लाखांपुढे गेली आणि १९७६ मध्ये सरकारला आंतरराष्ट्रीय नाणेनिधीकडे कर्ज मागावे लागले. रॉक संगीत मात्र महागडी वाद्ये आणि भव्य कार्यक्रमांत रमले होते. अशा वेळी, नोव्हेंबर १९७५ मध्ये, लंडनच्या एका कला महाविद्यालयात सेक्स पिस्टल्स पहिल्यांदा वाजले. पाठोपाठ द डॅम्ड, द क्लॅश आले. १९७७ मध्ये राणीच्या कारकिर्दीचा रौप्यमहोत्सव चालू असताना पिस्टल्सच्या राणीवरील गाण्यावर बीबीसीने बंदी घातली, तरी ते विक्रीत दुसऱ्या क्रमांकावर पोहोचले. जानेवारी १९७८ मध्ये हा बँड फुटलासुद्धा.

उभे केस आणि सेफ्टी पिना लोकांच्या लक्षात राहिल्या. नंतर त्यांचीही फॅशन होऊन बाजार झाला. माझ्या मते खरा वारसा वेगळा आहे. मँचेस्टरच्या बझकॉक्सनी उसन्या पैशांवर स्वतःची तबकडी स्वतःच काढली. मार्क पेरी या बँकेतल्या कारकुनाने ‘स्निफिन ग्लू’ ही पत्रिका घरी टाइप करून काढली. अशाच एका पत्रिकेत गिटारच्या तीन कॉर्डची चित्रे देऊन वाचकांना थेट बँड काढायला सांगितले होते. शिकून तयार झाल्यावरच बोलायचे, हा नियम त्यांनी मोडला.

या मोकळेपणात खोटही होती. काहींनी नुसता धक्का द्यायला नाझी चिन्हे मिरवली. पण एप्रिल १९७८ मध्ये लंडनच्या व्हिक्टोरिया पार्कमध्ये वंशद्वेषाविरुद्ध हजारो लोक जमले, तेव्हा द क्लॅशही वाजले आणि स्टील पल्स हा कृष्णवर्णीयांचा रेगे बँडही. सोमाली वडिलांची मुलगी पॉली स्टायरिन तिथे आपल्या बँडसह गायली.

हे वाचताना मला आपले हस्तलिखित आठवते. ज्यांचे अक्षर वळणदार, त्यांनाच त्यात जागा मिळे. मागच्या बाकांवर किती गोष्टी न लिहिताच राहिल्या असतील! म्हणून या स्मरणिकेत त्या बाकांवरच्या मित्रांचे लेख मी आधी शोधणार आहे. शुद्धलेखन नंतर पाहू.