रामजोशी, बया आणि नोंद नसलेला रंगमंच

मार्सेल कार्ने या फ्रेंच दिग्दर्शकाचा ‘लेझांफां द्यू पारादी’ हा चित्रपट मार्च १९४५ मध्ये पॅरिस येथे प्रथम दाखविला गेला. त्यानंतर दोनच वर्षांनी, १९४७ मध्ये, राजकमल कलामंदिराचा ‘लोकशाहीर रामजोशी’ मराठी प्रेक्षकांसमोर आला. या दोन कृतींचा परस्परांशी कोणताही संबंध नाही. तथापि दोहोंचे आशयद्रव्य एकाच जातीचे आहे. गतकाळातील रंगमंच, त्यावर प्रत्यक्ष वावरलेला कलावंत आणि त्याच्या आयुष्यात आलेली स्त्री या तीन घटकांतून दोन्हीकडे प्रेमकथा आकाराला येते. या प्रकारचा चित्रपट रंगभूमीचा इतिहास सांगतो, असे सामान्यतः मानले जाते. तो कोणाचा इतिहास सांगतो, हा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो.

फ्रेंच चित्रपटाची पटकथा कवी झाक प्रेव्हेर याची. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील पॅरिसमधील नाटकगृहांचा रस्ता हे तिचे स्थळ. मूकनट देब्यूरो, नट फ्रेदेरिक लमेत्र आणि गुन्हेगार लासनेर ही तिन्ही माणसे ऐतिहासिक आहेत. हे तिघे आणि एक उमराव अशा चौघांना जिची ओढ आहे, ती गारांस मात्र पूर्णतः कल्पित आहे. पुरुषांना दप्तर आहे, स्त्रीला नाही. पण प्रेव्हेरने या अभावाचेच बळ केले आहे. गारांस कोणाच्याही चरित्राचे प्रकरण बनत नाही. शेवटी ती उत्सवाच्या गर्दीत दूर निघून जाते आणि देब्यूरो तिच्यामागे धावत राहतो. शीर्षकातील ‘पारादी’ म्हणजे नाटकगृहातील सर्वांत वरची, सर्वांत स्वस्त गॅलरी. आपल्याकडे जो मान आणि जी भीती पिटातल्या प्रेक्षकाला लाभली, तीच तेथे या ‘स्वर्गा’तील प्रेक्षकाला लाभली होती. चित्रपटाने नाव घेतले ते त्या अनाम प्रेक्षकाचे.

मराठी चित्रपटाचा पाया याहून वेगळा आहे. रामजोशी हा सोलापूरचा, उत्तर पेशवाईतला, विद्वान ब्राह्मण घराण्यातला. त्याच्याविषयीच्या आख्यायिकांना एक निश्चित घाट आहे. तमाशाच्या नादामुळे थोरल्या भावाने त्याला घराबाहेर काढले, पंढरपुरास त्याने शास्त्राध्ययन केले, तो कीर्तनकार झाला, पण लावणी सुटली नाही, आणि अखेरीस मोरोपंतांच्या सहवासात त्याच्या वाणीला वेगळे वळण लागले. च्युती, विद्या, पुन्हा च्युती आणि उद्धार असा हा क्रम आहे. या क्रमात तमाशाला स्थान आहे ते नायकाच्या मोहाचे क्षेत्र म्हणून. बयेचे नाव आख्यायिकेत येते, परंतु तेही शाहिराच्या कथेतील एक वळण म्हणूनच. ती कोठून आली, तिचे गायन कोणी घडविले, शाहिरानंतर तिचे काय झाले, याविषयी आख्यायिका मूक आहे.

हे मौन आकस्मिक नाही. शाहीर वाङ्मयेतिहासात आला तो मुद्रणाच्या वाटेने. ॲक्वर्थ आणि शाळिग्राम यांचा पोवाड्यांचा संग्रह १८९१ मध्ये छापला गेला आणि पुढे लावण्याही संग्रहित झाल्या. शब्द छापता आले, म्हणून शब्दांचा कर्ता कवी ठरला. अदा, पदन्यास, सुराची फेक आणि ढोलकीशी चाललेली सवाल-जवाबाची झटापट छापता आली नाही. ती ज्यांची होती, त्या बहुतांशी कोल्हाटी, महार, मांग समाजांतील कलावंतांच्या वाट्याला कर्तेपण आले नाही. लावणी साहित्याची झाली आणि तमाशा बदनामीचा राहिला.

‘लोकशाहीर रामजोशी’ने ही विभागणी मोडली, आणि काही अंशी दृढही केली. ग. दि. माडगूळकरांची लेखणी, वसंत देसाईंचे संगीत आणि बाबूराव पेंटर व व्ही. शांताराम यांचे दिग्दर्शन यांमुळे पांढरपेशा प्रेक्षक प्रथमच निःसंकोचपणे तमाशाचा फड पाहू लागला. परंतु रामजोशीच्या भूमिकेत होते जयराम शिलेदार, म्हणजे संगीत नाटकाच्या परंपरेतील गायक नट. नायकाच्या कंठातून तमाशा जो ऐकू आला, तो नाट्यसंगीताच्या संस्कारातून गाळलेला होता. फ्रेंच चित्रपटात याच्या उलट घडले. देब्यूरोची भूमिका करणारा झाँ-लुई बारो हा स्वतः मूकाभिनयाचा साधक होता, आणि चित्रपटात त्याच्या पित्याचे काम केले ते त्याचे गुरू एतिएन दक्रू यांनी. तेथे परंपरा स्वतःच स्वतःची भूमिका करीत होती.

‘रामजोशी’त अशी परंपरा असलीच, तर ती बयेच्या भूमिकेत होती. हंसा वाडकर या कलावंतिणींच्या घराण्यातल्या. १९४१ च्या ‘संत सखू’तील संत आणि १९४७ ची ही नर्तिका, दोन्ही त्यांनीच उभ्या केल्या. पडद्यावरील स्त्री आणि ती साकारणारी नटी यांतील अंतर येथे तीव्रतेने जाणवते. गारांस झालेली आर्लेती जर्मन अधिकाऱ्याशी असलेल्या संबंधांमुळे अटकेत गेली होती, आणि मुक्त पॅरिसमधल्या पहिल्या खेळाला ती हजर राहू शकली नाही. जिचे स्वातंत्र्य पडद्यावर वंदनीय ठरले, तिचे स्वातंत्र्य पडद्याबाहेर अपराध ठरले. हंसाबाईंनी अरुण साधू यांच्या शब्दांकनातून ‘सांगत्ये ऐका’ (१९७०) हे आत्मकथन दिले. संसाराची ओढ असूनही कमावते राहण्याची सक्ती आणि मराठवाड्यातील एका गावी, सवतींच्या घरात सोसलेला कोंडमारा त्यात आहे. पुस्तकाचे नाव अनंत माने यांच्या १९५९ च्या तमाशापटावरून आले. पण चित्रपटात सांगणारी पटकथेची होती, पुस्तकात सांगणारी स्वतःची आहे. श्याम बेनेगल यांचा ‘भूमिका’ (१९७७) याच पुस्तकातून निघाला.

मराठी समीक्षेने ‘सांगत्ये ऐका’ बहुधा एका नटीची सनसनाटी कबुली म्हणून वाचले. वास्तविक तो रंगव्यवहाराचा दस्तऐवज आहे. मिळकत कोणाच्या हाती जाते, करार कोण करतो, घराणे मुलीला केव्हा कामाला लावते, हे त्यातून कळते. बयेविषयी आख्यायिका जे सांगू शकली नाही, ते बयेची भूमिका करणाऱ्या स्त्रीने दीड शतकानंतर सांगितले. औरंगाबादच्या विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकविणारे रुस्तुम अचलखांब यांच्यासारख्या अभ्यासकांनी तमाशाला लोकरंगभूमी म्हणून मांडले, तेव्हा फड आणि त्याचे कलावंत अभ्यासाच्या केंद्रस्थानी आले. त्या मांडणीशेजारी हंसाबाईंचे पुस्तक ठेवले, तर ‘लोकशाहीर रामजोशी’ पुन्हा पाहावा लागेल, आणि या वेळी नजर शाहिराच्या डफावरून हलवून फडावर उभ्या असलेल्या स्त्रीकडे न्यावी लागेल.