रामदास बोट आणि माझा रेवसचा प्रवास

आजचा एपिसोड थोडा पर्सनल आहे.

आमची आजी रेवसजवळच्या गावची. लग्न होऊन विक्रोळीला आली, पण माहेरी जायचं तर कायम एसटीनेच, पनवेल-पेण करत. लाँचचं नाव काढलं की गप्प व्हायची. कारण तिचा थोरला भाऊ 'रामदास'वर होता.

१७ जुलै १९४७. गटारी अमावस्या, म्हणून गावाकडे निघालेल्यांची गर्दी. सकाळी आठच्या सुमारास रामदास भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघाली. बोटीवर सातशेच्या आसपास माणसं. वाटेत वादळ आलं, लाटेचं पाणी आत शिरलं, घाबरलेले लोक एका बाजूला धावले आणि काश्याच्या खडकाजवळ बोट कलंडली. सहाशेहून जास्त माणसं गेली.

बोटीवर वायरलेसच नव्हता! म्हणजे आमच्या भाषेत, सर्व्हर क्रॅश झालाय आणि अलर्ट कुणालाच नाही. मुंबईला कळलं ते दुपारनंतर, वाचलेले लोक किनाऱ्याला लागले तेव्हा. मासळी घेऊन मुंबईकडे निघालेल्या कोळ्यांनी मात्र माल समुद्रात फेकून दिला आणि जेवढी माणसं होड्यांत मावतील तेवढी ओढून घेतली. पुढे महिन्याभरात स्वातंत्र्य आलं, फाळणीच्या बातम्या आल्या, आणि रामदास मागे पडली.

आजीचा भाऊ सापडलाच नाही. तिची आई म्हणे कित्येक वर्षं दाराला कडी लावत नव्हती.

यंदा फेब्रुवारीत आजी गेली. तेराव्यानंतरच्या रविवारी मी एकटाच निघालो. विक्रोळीहून कुर्ला, हार्बरने डॉकयार्ड रोड, तिथून चालत धक्का. लाँचमध्ये इअरफोन लावले, पण काहीच ऐकावंसं वाटेना. मुंबईच्या इमारती धुरकट होत गेल्या. पुढे नुसतं करडं पाणी, मग चिखल, खारफुटी आणि रेवसची सुनसान जेट्टी.

आजीला निरोप द्यायला आम्ही सगळे होतो. तिच्या भावाला कुणीच नव्हतं. म्हणून जेट्टीच्या टोकाला जाऊन त्याचं नाव घेतलं, एकदा मोठ्याने. शेजारी जाळं विणणाऱ्या काकांनी वर पाहिलं. "रामदासवाले का?" मी मान हलवली. त्यांनी सरकून बसायला जागा दिली.

तुमच्या घरीही असं एखादं नाव असेल. आजी-आजोबा आहेत तोवर विचारा, फोनवर रेकॉर्ड करा. मी नाही केलं.

भेटू पुढच्या एपिसोडला.