स्वतंत्रपूर
स्वतंत्रपूर : शिक्षा भोगणाऱ्या कैद्यांनी कुटुंबांसह राहावयाची खुली वसाहत. ती सांगली जिल्ह्यात आटपाडीजवळ असून तिची स्थापना पूर्वीच्या औंध संस्थानात १९३९ मध्ये झाली. संस्थानाधिपती भवानराव श्रीनिवासराव पंतप्रतिनिधी (१८६८–१९५१) यांनी त्याच वर्षी महात्मा गांधींच्या सल्ल्याने प्रजेला स्वराज्याची घटना दिली. त्यांचे पुत्र अप्पासाहेब पंत व पोलंडमधून आलेले अभियंते मॉरिस फ्रीडमन ऊर्फ भारतानंद हे या प्रयोगात अग्रभागी होते. संयुक्त राष्ट्रांच्या जिनीव्हा परिषदेने खुल्या कारागृहांची शिफारस १९५५ मध्ये केली. हा प्रयोग त्याआधी सोळा वर्षे सुरू झाला होता.

वसाहतीस तट नाही. बंद कारागृहात शिक्षेचा काही काळ काढलेल्या व वर्तणूक चांगली असलेल्या दीर्घ मुदतीच्या कैद्यांतून येथील रहिवासी निवडले जातात. प्रत्येकास राहण्यास घर व कसण्यास जमीन मिळते. दिवस शेतीच्या कामात जातो; स्त्रियाही त्यात हातभार लावतात. पिकविलेला भाजीपाला आटपाडीच्या बाजारात विकून संसार चालवावा लागतो. हा प्रदेश कमी पावसाचा असल्याने पिकाची चिंता इतर शेतकऱ्यांप्रमाणे कैद्यासही असते. मुले गावातील शाळेत जातात. हजेरी व हद्दीचे बंधन मात्र कायम असते.

बंद कारागृहात एकाच्या अपराधाची झळ निरपराध पत्नी व मुलांनाही पोहोचते. येथे ती ताटातूट टळते आणि कुटुंबाची जबाबदारी हाच कैद्यावरील पहारा ठरतो. पळून जाणे अवघड नाही. पण त्यामुळे घर व जमीन दोन्ही गमवावी लागतात. शिवाय गावकऱ्यांनी त्याच्याकडून भाजी घेणे, त्याच्या मुलांना आपल्या मुलांशेजारी बसू देणे, यातूनच सुटकेनंतरच्या जीवनाची पूर्वतयारी होते.

औंध संस्थान १९४८ मध्ये मुंबई राज्यात विलीन झाले. वसाहत मात्र पुढेही चालू राहिली. या प्रयोगावरून स्फुरलेला व्ही. शांताराम यांचा दो आँखें बारह हाथ (१९५७) हा चित्रपट ग. दि. माडगूळकर यांनी लिहिला. त्यात जेलर व सहा कैदी यांची कथा आहे. प्रत्यक्ष वसाहतीचा मुख्य आधार मात्र कुटुंब हा आहे. पैठण येथे १९६८ मध्ये सुरू झालेल्या खुल्या कारागृहात कैदी शेतीत काम करतात, तथापि कुटुंबे त्यांच्यासमवेत राहत नाहीत. स्वतंत्रपूरचे वेगळेपण येथेच आहे. मोजक्याच कैद्यांना सामावून घेणे ही तिची मर्यादा होय. परंतु विश्वास हेही बंधन होऊ शकते, हे या लहानशा वसाहतीने दाखवून दिले.