जुन्या जर्मन मोटारींतील इंधन अंतःक्षेपणाचे दोषनिदान

जुन्या जर्मन मोटारींतील इंधन अंतःक्षेपणाचे दोषनिदान म्हणजे कार्ब्युरेटरऐवजी दाबाखालील इंधन फवारणाऱ्या प्रणालीत बिघाड झाला असता त्याचे मूळ कारण निरीक्षणाने व मोजमापाने शोधण्याची पद्धत होय. इंधन अंतःक्षेपणास व्यवहारात 'फ्युएल इंजेक्शन' म्हणतात. येथे जुन्या मोटारी म्हणजे साधारणपणे १९६७ ते २००० या काळातील मर्सिडीज-बेंझ, बीएमडब्ल्यू, फोक्सवागन, ऑडी, पोर्शे व ओपेल या बनावटीच्या गाड्या समजाव्यात. या गाड्यांत बिघाडाचे लक्षण आणि त्याचे कारण यांची जोडी सहसा एकास एक नसते. इंजिन अडखळणे हे एकच लक्षण फाटलेल्या रबरी नळीमुळे, सैल झालेल्या अर्थिंगमुळे, अशक्त पंपामुळे किंवा जुन्या स्पार्क प्लगमुळेही दिसू शकते. त्यामुळे अंदाजाने सुटे भाग बदलत जाणे खर्चिक ठरते व पुष्कळदा मूळ दोष तसाच राहतो.

इतिहास

पेट्रोल इंजिनातील अंतःक्षेपणाचा सर्वांत गाजलेला आरंभीचा नमुना म्हणजे १९५४ ची मर्सिडीज-बेंझ ३०० एसएल. तिची प्रणाली पूर्णपणे यांत्रिक होती. श्टुटगार्ट येथील बॉश कंपनीने १९६७ मध्ये 'डी-जेट्रॉनिक' ही इलेक्ट्रॉनिक प्रणाली बाजारात आणली. ती प्रथम अमेरिकेत विकल्या जाणाऱ्या फोक्सवागन १६०० या गाडीत बसवली गेली. मूळ कल्पना अमेरिकेतील बेंडिक्स कंपनीच्या एकस्वांवर आधारलेली होती. १९७३ च्या सुमारास 'के-जेट्रॉनिक' व 'एल-जेट्रॉनिक' या प्रणाली आल्या. १९७९ मध्ये बीएमडब्ल्यू ७३२आय या गाडीत आलेल्या 'मोट्रॉनिक' प्रणालीत इंधन व प्रज्वलन या दोहोंचे नियंत्रण एकाच संगणकाकडे सोपवण्यात आले.

या नावांतील अक्षरे जर्मन शब्दांची आद्याक्षरे आहेत आणि ती लक्षात ठेवल्यास निदान सोपे होते. 'डी' म्हणजे 'द्रुक', अर्थात दाब. ही प्रणाली इनटेक मॅनिफोल्डमधील दाबावरून हवेचा अंदाज घेते. 'एल' म्हणजे 'लुफ्ट', अर्थात हवा. येथे हवा प्रत्यक्ष मोजली जाते. 'के' म्हणजे 'कॉन्टिन्युअरलिश', अर्थात अखंड. या प्रणालीत इंजेक्टर उघडझाप करत नाहीत, तर इंजिन चालू असेपर्यंत सतत फवारत राहतात. प्रवाहाने उचलली जाणारी एक तबकडी इंधन वितरकातील दट्ट्या वर ढकलते व त्यानुसार इंधनाचे प्रमाण ठरते. १९८० च्या दशकातील 'केई-जेट्रॉनिक' हे तिचेच इलेक्ट्रॉनिक दुरुस्तीची जोड असलेले रूप होय.

भारतातील गाड्या

१९९१ पूर्वी भारतात अशा गाड्या मोजक्याच होत्या व त्या बहुतेक आयात केलेल्या होत्या. १९९५ मध्ये पिंपरी-चिंचवड येथे टेल्को कंपनीच्या आवारात मर्सिडीज-बेंझच्या डब्ल्यू१२४ श्रेणीची जुळणी सुरू झाली. त्यातील ई२२० ही पेट्रोल गाडी इलेक्ट्रॉनिक अंतःक्षेपणाची होती. ओपेल अ‍ॅस्ट्रा गुजरातेतील हालोल येथे १९९६ पासून बनू लागली. २००१ मध्ये औरंगाबादजवळील शेंद्रा येथे स्कोडा ऑक्टाव्हियाची जुळणी सुरू झाली. ही गाडी चेक असली तरी तिची यंत्रणा फोक्सवागन समूहाची आहे. या गाड्या आज विदर्भासह राज्यभर दुसऱ्या-तिसऱ्या मालकांकडे चालतात. खाजगी मोटारीची नोंदणी १५ वर्षांनी नूतनीकृत करावी लागत असल्यामुळे त्या तपासणीच्या निमित्ताने अनेकांचे जुने दोष प्रथम उघड होतात.

प्राथमिक तपासणी

अंतःक्षेपणाला दोष देण्यापूर्वी बॅटरीचा दाब, स्पार्क प्लग, प्लगच्या वायरी, एअर फिल्टर व सिलिंडरमधील कॉम्प्रेशन तपासणे आवश्यक असते. या पायरीकडे दुर्लक्ष झाल्याने चांगले इंजेक्टर फेकले गेल्याची उदाहरणे गॅरेजांतून सर्रास ऐकू येतात. के-जेट्रॉनिक गाड्यांत इंधन वितरक हा सर्वांत महाग भाग असतो. तो क्वचितच प्रथम बिघडतो, मात्र उघडला सर्वांत आधी तोच जातो. अनेक महिने उभ्या राहिलेल्या गाडीत दट्ट्या चिकटून बसतो, हा याला महत्त्वाचा अपवाद.

हवागळती

हवा मोजणाऱ्या प्रणालींत मोजमापाच्या ठिकाणापुढे आत शिरलेली प्रत्येक हवा 'न मोजलेली' ठरते. तिच्या वाट्याचे इंधन न मिळाल्याने मिश्रण विरळ होते. कारागीर यालाच 'लीन' म्हणतात. उभी गाडी संथ गतीवर असताना इंजिनाचा वेग वरखाली होणे, थंड इंजिन बंद पडणे, अ‍ॅक्सिलरेटर दाबताच क्षणभर दम कोंडल्यासारखे होणे ही तिची लक्षणे होत. गळतीची नेहमीची ठिकाणे म्हणजे हवामापकापासून थ्रॉटलपर्यंतची घडीदार रबरी नळी, ब्रेक बूस्टरची नळी, ऑइल डिपस्टिकचे सील आणि इंजेक्टरच्या बुडाशी असलेली रबरी कडी. इंजिनाच्या उष्णतेने ही कडी काचेसारखी कडक होते.

एक जुनी व बिनखर्चाची परीक्षा आहे. के-जेट्रॉनिक इंजिन संथ चालत असताना ऑइल भरण्याचे झाकण उघडावे. निरोगी इंजिन लगेच अडखळते, कारण त्या वाटेने न मोजलेली हवा आत शिरते. काहीच फरक पडला नाही, तर अन्यत्र आधीच मोठी गळती असण्याची शक्यता बळावते. नेमकी जागा शोधण्यासाठी मॅनिफोल्डमध्ये धूर सोडण्याचे यंत्र वापरतात. गरम इंजिनावर पेट्रोल किंवा कार्ब क्लीनर शिंपडून गळती शोधण्याची प्रथा आगीला निमंत्रण देणारी असल्याने टाळली जाते.

इंधनदाब

दाबमापकाशिवाय केलेले निदान हे निदानच नव्हे, असे या विषयातील अनुभवी कारागीर मानतात. एल-जेट्रॉनिक व मोट्रॉनिक प्रणालींत दाब साधारण २.५ ते ३ बार असतो; के-जेट्रॉनिकमध्ये तो सुमारे ४.५ ते ५.५ बार असतो. नेमका आकडा त्या मॉडेलच्या दुरुस्ती पुस्तिकेतूनच घ्यावा लागतो. के-जेट्रॉनिकमध्ये दट्ट्याच्या माथ्यावर येणारा 'नियंत्रण दाब' वेगळा मोजतात. थंड इंजिनावर तो कमी असतो, त्यामुळे मिश्रण गाढ राहते. इंजिन तापत जाते तसा तो वाढून साधारण ३.५ बारच्या आसपास स्थिरावतो. थंडीत उत्तम चालणारी व तापल्यावर धूर सोडणारी गाडी असेल, तर प्रथम हा दाब पाहावा.

दाब ठीक असूनही पुरवठा अपुरा असू शकतो. म्हणून परतीच्या नळीतून ठरावीक सेकंदांत किती इंधन पडते हेही मोजतात. ते कमी भरल्यास पंपाआधी फिल्टर व टाकीतील जाळी तपासावी.

तिसरे मोजमाप अवशिष्ट दाबाचे. इंजिन बंद केल्यावरही पंपातील एकमार्गी झडप आणि संचायक, म्हणजे अ‍ॅक्युम्युलेटर, काही काळ दाब धरून ठेवतात. दाबाखाली पेट्रोलचा उत्कलनबिंदू वाढत असल्याने तापलेल्या नळ्यांत त्याची वाफ होत नाही. नागपुरात मे महिन्यात पारा ४५ अंशांपुढे जातो. अशा दिवशी बाजारात अर्धा तास उभी राहिलेली गाडी पुन्हा चालूच होत नाही, आणि तासाभराने काहीच न घडल्यासारखी चालू होते, ही तक्रार बहुधा याच दाबाच्या गळतीची असते. गळती कोठे आहे हे टप्प्याटप्प्याने ठरवता येते. परतीची नळी बंद केल्यावर दाब टिकला, तर दाबनियामक सदोष. संचायकाच्या मागील बाजूची नळी काढल्यावर तिथून इंधन आले, तर त्यातील पडदा फाटलेला. दोन्ही ठीक असल्यास पंपाची झडप किंवा ठिबकणारा इंजेक्टर उरतो.

थंड प्रारंभासाठी असलेला जादा इंजेक्टर एका तापमान-समय स्विचच्या आधारे चालतो. या स्विचची तापमानमर्यादा मॉडेलनुसार वेगळी असते व ती बहुधा त्याच्यावरच कोरलेली असते. १५ अंशांचा स्विच असलेल्या गाडीत नागपूरच्या उन्हाळ्यात हा इंजेक्टर सकाळीही चालू होत नाही. अशा वेळी तो फवारत नाही म्हणून बदलणे व्यर्थ होय. तो ठिबकत असेल, तर मात्र गरम इंजिनात पेट्रोल साचून प्रारंभ अवघड होतो.

विद्युत दोष

इलेक्ट्रॉनिक प्रणालींत नियंत्रण संगणक क्वचित बिघडतो. त्याला मिळणारी माहिती व वीज पुष्कळदा बिघडलेली असते. पोर्शे गाड्यांतील डीएमई रिले व डब्ल्यू१२४ मर्सिडीजमधील अतिदाब-संरक्षक रिले यांच्या आतील सोल्डरला बारीक चिरा पडतात. त्यामुळे गाडी मधूनच बंद पडते आणि तपासायला नेईपर्यंत पूर्ववत होते. डब्ल्यू१२४ मध्ये याच वेळी एबीएसचा दिवा लागला, तर संशय पक्का होतो. १९९० च्या दशकाच्या पूर्वार्धातील अनेक मर्सिडीज इंजिनांच्या वायरिंगचे आवरण ठिसूळ होऊन गळून पडते. अशा गाडीत एकामागून एक निरनिराळे संवेदक खराब झाल्यासारखे भासतात. वस्तुतः वायरीच एकमेकींना चिकटलेल्या असतात.

शीतक पाण्याच्या तापमानाचा संवेदक साध्या मल्टिमीटरने तपासता येतो. बॉशच्या नेहमीच्या संवेदकाचा रोध २० अंशांवर सुमारे २,५०० ओहम, तर ८० अंशांवर सुमारे ३०० ओहम असतो. वायर तुटलेली असल्यास संगणकाला इंजिन अतिशय थंड असल्याचा भास होतो व तो अकारण इंधन वाढवतो. एल-जेट्रॉनिकच्या हवामापकातील कार्बनची पट्टी वर्षानुवर्षे झिजते. पाते हाताने सावकाश उघडत असताना व्होल्टेज मध्येच तुटले, तर तो दोष निश्चित समजावा.

या काळातील बहुतेक गाड्यांना आजचा १६ पिनांचा जोड नसतो. बीएमडब्ल्यूचा २० पिनांचा व मर्सिडीजचा ३८ पिनांचा गोल जोड सर्वसाधारण स्कॅनरला लागत नाही. शिवाय स्कॅनरने दाखवलेला दोषांक परिणाम सांगतो, कारण नव्हे. 'मिश्रण विरळ' असा संदेश आला म्हणून ऑक्सिजन संवेदक बदलणे ही सर्वांत प्रचलित चूक होय.

पीयूसी पावतीचा उपयोग

प्रदूषण नियंत्रण प्रमाणपत्र, म्हणजे पीयूसी, भारतात प्रत्येक वाहनाला सक्तीचे आहे. पेट्रोल गाडीच्या पावतीवर कार्बन मोनॉक्साइडची टक्केवारी व हायड्रोकार्बनचे प्रमाण छापलेले असते. निदानाचे इतके स्वस्त साधन दुसरे नाही, परंतु ती पावती वाचण्याऐवजी काचेला चिकटवण्याकडेच कल असतो. कार्बन मोनॉक्साइड व हायड्रोकार्बन दोन्ही जास्त असल्यास मिश्रण गाढ आहे. कार्बन मोनॉक्साइड अत्यल्प पण हायड्रोकार्बन पुष्कळ असल्यास एखाद्या सिलिंडरमध्ये ज्वलनच होत नाही. त्याचे कारण हवागळती किंवा प्रज्वलनातील दोष. कॅटॅलिटिक कन्व्हर्टर असलेल्या गाडीत हे आकडे त्याच्या पुढे मोजलेले असल्याने सौम्य दिसतात, हे ध्यानी घ्यावे.

पीयूसी मिळवण्यासाठी के-जेट्रॉनिकचा मिश्रण-स्क्रू ३ मिलिमीटरच्या अ‍ॅलन चावीने फिरवण्याचा मोह होतो. घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने तो फिरवल्यास मिश्रण गाढ होते. मूळ हवागळती तशीच ठेवून स्क्रूने ती झाकल्यास संथ गतीवर गाडी बरी चालते, पण वेगात मिश्रण बिघडलेलेच राहते आणि पुढच्या कारागिराला मूळ बिंदूच सापडत नाही.

इथेनॉलमिश्रित पेट्रोल

२०२३ पासून भारतात २० टक्के इथेनॉल असलेले पेट्रोल टप्प्याटप्प्याने सर्वत्र मिळू लागले. शुद्ध पेट्रोलच्या पूर्ण ज्वलनास वजनाने १४.७ पट हवा लागते, इथेनॉलला सुमारे ९ पट. २० टक्के मिश्रणासाठी हे प्रमाण साधारण १३.५ वर येते. ऑक्सिजन संवेदक असलेली प्रणाली इंधन वाढवून हा फरक भरून काढते. संवेदक नसलेली १९७० च्या दशकातील गाडी मात्र सुमारे ८ टक्के विरळ चालते. तिची लक्षणे थेट हवागळतीसारखी असल्याने निदान करताना टाकीत कोणते इंधन आहे हे विचारणे आता आवश्यक झाले आहे. इथेनॉल पाणी शोषून घेते. पावसाळ्यात फार काळ उभ्या राहिलेल्या गाडीत पाणी टाकीच्या तळाशी साचून गंज चढतो, व तो गंज फिल्टर आणि दट्ट्यापर्यंत पोहोचतो. जुन्या रबरी नळ्या या इंधनाने फुगतात किंवा तडकतात.

डिझेल गाड्या

डिझेल इंजिनांत निदानाची दिशा निराळी असते, कारण तेथे प्रथम संशय इंधनात शिरलेल्या हवेवर घेतात. पंपाच्या शोषण बाजूस पारदर्शक नळी जोडून बुडबुडे पाहणे ही सोपी कसोटी होय. नोझलचा दाब व फवारा चाचणी-बाकावर तपासतात. महाराष्ट्रात या कामाची परंपरा जुनी आहे, कारण बॉशची भारतीय कंपनी, पूर्वीची 'मायको', नाशिकच्या सातपूर येथे नोझल व इंजेक्टर बनवत आली आहे. कंपनीचे नाव २००८ मध्ये बदलले, तरी नाशिकचा 'मायको सर्कल' तसाच राहिला.

सुरक्षितता

पेट्रोल अतिशय कमी तापमानालाही पेट घेण्याजोगी वाफ सोडते. १९३४ च्या पेट्रोलियम अधिनियमानुसार २३ अंश सेल्सिअसखाली प्रज्वलनांक असलेली द्रव्ये 'अ' वर्गात मोडतात व पेट्रोल त्यांपैकीच आहे. या कायद्याची अंमलबजावणी करणाऱ्या पेट्रोलियम व स्फोटके सुरक्षा संघटनेचे मुख्यालय नागपुरातच आहे. दाबाची नळी सोडण्यापूर्वी पंपाचा फ्यूज काढून दाब उतरवतात, जोडावर कापड गुंडाळतात, बॅटरीची ऋण तार सुटी करतात आणि अग्निशामक हाताशी ठेवतात. इंजिन तापलेले असताना हे काम करत नाहीत. डिझेल नोझलच्या फवाऱ्याखाली हात धरू नये. तो त्वचेतून आत शिरतो आणि अशी इजा वरून क्षुल्लक दिसली तरी तत्काळ शस्त्रक्रियेची गरज पडू शकते.