डबलसीट बसणाऱ्याचा विमा

फैजपूरच्या बसस्टँडजवळ सकाळी दहा मिनिटे उभे राहा. एकट्याने चाललेली मोटारसायकल क्वचितच दिसेल. कुणी सावद्याच्या बाजाराला निघालेला, कुणी यावलच्या तहसील कचेरीत, कुणी मुलीला कॉलेजात सोडायला. "चला, सोडतो" म्हणणे ही आपल्याकडची रीतच आहे. मीही असा कितीतरी वेळा मागे बसलो. पण गाडीचा विमा कसला आहे, हे विचारणे कधी सुचले नाही. विमा आहे म्हणजे आपण सुरक्षित, असे आपण धरून चालतो. ते खरे नाही. त्याचे कारण इतिहासात आहे.

डिसेंबर १९३६ मध्ये याच फैजपुरात पंडित नेहरूंच्या अध्यक्षतेखाली खेड्यात भरलेले पहिले काँग्रेस अधिवेशन झाले. योगायोग असा की, त्याच सुमारास सरकारची मोटार विमा समिती कामाला लागली होती. तिच्या शिफारशींमधून १९३९ च्या मोटार वाहन कायद्यातले विम्याचे प्रकरण तयार झाले आणि ते १ जुलै १९४६ पासून लागू झाले. नमुना होता ब्रिटनच्या १९३० च्या कायद्याचा. विमा कंपनी हा पहिला पक्ष, मालक दुसरा आणि रस्त्यावरचा परका माणूस तिसरा. त्या तिसऱ्यासाठी विमा सक्तीचा झाला. भाडे देऊन किंवा नोकरीच्या कामासाठी बसलेला प्रवासी त्यात आला. ओळखीखातर फुकट बसलेला मात्र बाहेर राहिला.

याची झळ कशी लागते ते आपल्या विदर्भातल्या एका खटल्यात दिसले. १८ डिसेंबर १९६० रोजी नागपूरहून पांढुर्ण्याकडे निघालेली एका जिनिंग-प्रेसिंग कंपनीची मोटार सावनेरजवळ झाडावर आदळली. गाडी कंपनीचा मॅनेजर चालवीत होता. बरोबर बसलेले गृहस्थ दगावले. त्यांच्या पत्नीला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल मिळाला मार्च १९७७ मध्ये, सोळा वर्षांनी. न्यायालयाने मालक कंपनीला जबाबदार धरले. विमा कंपनीची जबाबदारी मात्र १५ हजार रुपयांपुरतीच ठरली, कारण पॉलिसीत प्रवाशांसाठी तेवढीच तरतूद होती. कायद्याने तीही सक्तीची नव्हती.

ज्या ब्रिटनचा नमुना आपण घेतला, त्याने १ डिसेंबर १९७२ पासून प्रवाशांचाही विमा सक्तीचा केला. आपल्याकडे १९८८ चा नवा कायदा आला, त्यात 'कोणतीही व्यक्ती' असे शब्द आले आणि आशा वाटली. पण २००६ मध्ये आणि पुन्हा २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, फक्त कायद्यापुरत्या पॉलिसीत दुचाकीवर मागे फुकट बसलेला येत नाही.

दुसरी बाजूही आहे. आपण जिला 'फुल इन्शुरन्स' म्हणतो, त्या पॅकेज पॉलिसीत मागे बसलेला येतो. १९८६ मध्ये विम्याचे दर ठरवणाऱ्या समितीने तसे कळवले होते, १६ नोव्हेंबर २००९ रोजी विमा नियामक प्राधिकरणाने त्याची आठवण करून दिली आणि २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ते मान्य केले.

समोरच्या ट्रकची चूक असेल, तर मागे बसलेला त्या ट्रकच्या दृष्टीने परकाच. त्या ट्रकच्या विम्यातून भरपाई मिळू शकते. अडचण येते ती आपल्याच चालकाची चूक ठरली तर. मग दावा गाडीच्या मालकावर. आणि मालक कोण? मेहुणा, साडू, शेजारी किंवा मित्र. भरपाईचा हुकूम निघाला तर त्याचे शेत विकायची वेळ. न निघाला तर जखमीचे घर बसले. बहुतेक जण नात्यापायी दावाच करीत नाहीत.

सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीचा थर्ड पार्टी विमा एकदम पाच वर्षांचा घ्यावा लागतो. गाडीच्या नुकसानीचा भाग मात्र बहुधा वर्षाचाच असतो. वर्ष उलटले की, "पाच वर्षांचा काढलाय ना" म्हणून तो कुणी भरत नाही. उरतो नुसता थर्ड पार्टी.

म्हणून सांगतो, आज घरी गेलात की डिकीतला तो कागद एकदा काढून वाचा. पॉलिसी कोणती आहे, मागे बसणाऱ्यासाठी हप्ता भरलाय का, ते बघा. नसेल तर थोड्या पैशांत तो जोडता येतो. आपल्या गाडीवर मागे बहुतेक वेळा आपल्याच घरचे माणूस बसते.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)